'मेसन' : एका आडनावाचे व्यक्तिनाम होताना

इंग्रजी नामसृष्टीत, विशेषतः अमेरिकेत, गेल्या काही दशकांत एक लक्षणीय बदल घडून आला आहे. पूर्वी आडनावे म्हणूनच परिचित असलेले अनेक शब्द आता मुलांची व्यक्तिनामे झाले आहेत. 'मेसन' हे त्यांपैकी एक होय. या शब्दाचा अर्थ गवंडी किंवा पाथरवट. अंगमेहनतीच्या कामाचा वाचक असलेला हा शब्द सुस्थित पालकांना आपल्या मुलासाठी हवासा का वाटावा, हे नुसता कोश उघडून कळत नाही.

जुन्या इंग्रजीत दगडकाम करणाऱ्यासाठी 'दगड' आणि 'कारागीर' या अर्थांच्या दोन शब्दांचा एक सामासिक शब्द रूढ होता. १०६६ मधील नॉर्मन विजयानंतर फ्रेंचमधून आलेल्या 'मेसन'ने त्याची जागा घेतली. मध्ययुगीन इंग्लंडमध्ये भव्य चर्चवास्तू उभारणाऱ्या पाथरवटांना कामासाठी गावोगाव फिरावे लागे. त्यांनी घडवलेल्या दगडांवर कोरलेल्या खुणा जुन्या कॅथेड्रलांत आजही आढळतात. पुढे आडनावे वंशपरंपरागत झाली आणि शब्दाचा व्यवसायाशी असलेला संबंध सुटत गेला. मेसन घराण्यातील मुलगा विणकर झाला तरी आडनाव मेसनच राहिले.

आडनावाचे व्यक्तिनाम करण्याची प्रथाही नवी नाही. आईच्या माहेरचे आडनाव मुलाला देऊन ते घराणे स्मरणात ठेवावे, किंवा एखाद्या थोर पुरुषाचे आडनाव मुलाला द्यावे, अशी पद्धत अमेरिकेत पूर्वापार आहे. लेखक वॉशिंग्टन अर्व्हिंग (जन्म १७८३) यांचे नाव याच रीतीने ठेवले गेले. आजच्या 'मेसन'मागे मात्र असा कौटुंबिक दुवा बहुधा नसतो. पालक निवडतात तो शब्द म्हणून.

या निवडीत नादाचा वाटा मोठा आहे. अमेरिकी शासनाच्या सामाजिक सुरक्षा विभागाच्या २०११ च्या यादीत मुलग्यांच्या नावांत 'मेसन' दुसऱ्या क्रमांकावर होते. त्याच यादीतील पहिल्या दहांत जेडन, ईथन व एडन ही आणखी तीन नकारान्त नावे होती. दूरचित्रवाणीवरील एका प्रसिद्ध कुटुंबात २००९ च्या अखेरीस जन्मलेल्या मुलाचे नाव मेसन ठेवले गेले, त्याचाही परिणाम झाला असावा. परंतु नाव त्याआधीच वर चढत होते. २०२० मध्ये ते पहिल्या दहांतून बाहेर पडले.

अर्थाचा प्रभाव अधिक सूक्ष्म आहे. कूपर (पिपे बनवणारा), कार्टर (गाडीवान), टायलर (कौले बसवणारा) ही आडनावे व्यक्तिनामे म्हणून रूढ झाली. 'बुचर' म्हणजे कसाई हे आडनाव जुने असूनही त्या वाटेला गेले नाही. त्या शब्दातील काम आजही डोळ्यांसमोर उभे राहते. टायलर हे नाव उच्चारताना मात्र छपरावर चढलेला माणूस कोणाला आठवत नाही. 'मेसन'मधील घाम असाच आटला असून घडणीचा आणि टिकाऊपणाचा भाव तेवढा उरला आहे. कामाचे कष्ट विसरले गेल्यावरच त्याचे नाव शोभेचे झाले, असे म्हणणे वावगे ठरू नये.

मराठीतही सुतार, लोहार, कुंभार, पाथरवट ही आडनावे आहेत. पण येथे व्यवसाय जातीशी जखडलेला असल्याने शब्दाला तशी मोकळीक मिळाली नाही. 'सुतार' हे व्यक्तिनाम म्हणून कोणी ठेवत नाही. दगड मात्र मराठी नामसृष्टीत आहे. आधीची मुले दगावलेल्या घरात नंतरच्या मुलाला दगडू, धोंडू अशी नावे देत. नाव ओबडधोबड असले म्हणजे दृष्ट लागणार नाही आणि मूल दगडासारखे टिकेल, ही त्यामागची श्रद्धा. महर्षी धोंडो केशव कर्वे (१८५८-१९६२) यांच्या काळात 'धोंडो' हे नाव भल्याभल्या घरांत आढळे. आज ते गावंढळ वाटते, आणि शहरी पालक ते सहसा ठेवत नाहीत.