४४३ हा आकडा ठरवला कुणी?

गोंदियाजवळच्या कुडव्यातल्या शेतकऱ्याला आधारभूत केंद्रावर धान विकायचं तर ऑनलाइन नोंदणी लागते, आणि त्या नोंदणीला सातबारा लागतो. मोबाइलवर महाभूलेखचं पान उघडायचं, जिल्हा गोंदिया, तालुका गोंदिया, गाव निवडायचं, गट क्रमांक टाकायचा, की उतारा समोर. मधे जातात ते काही सेकंद. तेवढ्यात फोनमधून निघालेली मागणी लहान लहान तुकड्यांत विभागली जाते, आणि प्रत्येक तुकड्याच्या, म्हणजे पॅकेटच्या, माथ्यावर काही आकडे चढवले जातात. त्यांतल्या दोन आकड्यांनी मला कायमचं वेड लावलं आहे. एक आहे ६, दुसरा ४४३.

गोंदियाच्या टॉवरवरून निघालेलं पॅकेट असो की टोकियोच्या, मागणी सातबाऱ्याची असो की बँकेतल्या शिल्लक रकमेची, हे दोन आकडे बहुतेक वेळा हेच असतात. ते पाळले नाहीत म्हणून कुणाला दंड होत नाही. ते तपासायला कुठे निरीक्षक बसलेला नाही. तरीही अब्जावधी यंत्रं ते बिनचूक पाळतात, कारण कुठेतरी एक यादी आहे आणि तिच्यात तसं लिहिलेलं आहे. फक्त लिहिलेलं आहे, एवढ्यावर हे सगळं चालतं!

आधी हे आकडे काय काम करतात ते पाहू. पत्रावर ४४१६०१ लिहिलं की ते गोंदियाला येतं. पहिला ४ म्हणजे महाराष्ट्र, गोवा, मध्य प्रदेश, छत्तीसगड यांचा विभाग. पहिले तीन अंक मिळून पत्रांची छाननी कुठे व्हायची ते सांगतात, शेवटचे तीन नेमकं टपाल कार्यालय. इंटरनेटवरचा आयपी पत्ता असाच पॅकेटला योग्य यंत्रापर्यंत नेतो. पण पत्र घरी पोचलं तरी ते घरातल्या कुणाचं, हे पाकिटावरच्या नावावरूनच कळतं. यंत्राच्या आत तर एकाच वेळी वेबसाइट, मेल, घड्याळ जुळवणं अशी अनेक कामं चालू असतात. पॅकेट त्यांतल्या कुणाच्या हाती द्यायचं, ते पोर्ट क्रमांक सांगतो. सुरक्षित वेबसाइटसाठी ४४३, मेल पोचवण्यासाठी २५, नावावरून पत्ता शोधण्यासाठी ५३, वेळ जुळवण्यासाठी १२३. आणि त्याही आधी प्रोटोकॉल क्रमांक सांगतो की या पॅकेटला वागवायचं कसं. ६ म्हणजे टीसीपी: तुकडे क्रमाने लाव, हरवलेला परत मागव. १७ म्हणजे यूडीपी: आलं ते घे, पोच देत बसू नको. १ म्हणजे आयसीएमपी: ही वाटेतल्या अडचणीची खबर आहे.

पिनकोड आणि पोर्ट क्रमांक यांची जन्मकथा एकाच वर्षातली आहे. १५ ऑगस्ट १९७२ रोजी भारतात पिनकोड सुरू झाला. तो आखणारे श्रीराम भिकाजी वेलणकर हे टपाल खात्यातले वरिष्ठ मराठी अधिकारी, आणि संस्कृतातले कवी. एकाच नावाची अनेक गावं, पत्ते लिहिणारे अनेक भाषांचे आणि अनेक लिप्यांचे, अशा देशात पत्र योग्य जागी जावं म्हणून त्यांनी सहा अंक शोधले. त्याच्या अडीच महिने आधी, ३० मे १९७२ रोजी, लॉस एंजेलिसच्या विद्यापीठात जॉन पोस्टेल नावाच्या अठ्ठावीस वर्षांच्या विद्यार्थ्याने एक लहानसं टिपण लिहिलं. इंटरनेटचा पूर्वज असलेल्या अर्पानेटवर तेव्हा मोजकेच संगणक होते, पण कुठल्या सेवेला कुठला क्रमांक याचा मेळ नव्हता. पोस्टेलने सुचवलं की हे क्रमांक वाटणारा कुणीतरी एकच जण असावा, आणि कंसात प्रश्नचिन्हासह स्वतःचंच नाव पुढे केलं. वेलणकरांच्या मागे भारत सरकार होतं. पोस्टेलच्या मागे कुणी नव्हतं. सहकाऱ्यांनी त्याचं म्हणणं मानलं, एवढंच. दोन्ही योजना आज पन्नास वर्षांनंतरही चालू आहेत.

पोस्टेलचं ते टिपण आरएफसी ३४९ म्हणून आजही वाचता येतं. १९६९ पासून निघणाऱ्या आरएफसी या टिपणांची मालिका म्हणजे इंटरनेटचं जाहीर दप्तर. एकदा प्रसिद्ध झालेलं टिपण पुन्हा बदलत नाही, चूक सापडली तर नव्या क्रमांकाचं नवं टिपण निघतं. दिलेल्या क्रमांकांची यादी पोस्टेल याच मालिकेत वेळोवेळी नव्याने छापत गेला. पुढे जॉइस रेनॉल्ड्स या कामात त्याच्या जोडीला आल्या. ऑक्टोबर १९९४ ची शेवटची छापील यादी, आरएफसी १७००, तब्बल २३० पानांची आहे. त्यानंतर यादी इतक्या वेगाने वाढू लागली की ती छापण्यात अर्थ उरला नाही. ती ऑनलाइन गेली आणि रोज दुरुस्त होऊ लागली. जानेवारी २००२ मध्ये तसं जाहीर करणारं एक छोटं टिपणही निघालं.

मला ही यादी वाचायला आवडते, कारण प्रत्येक आकड्यामागे कुणीतरी माणूस उभा आहे. १९९४ च्या यादीत ८० या क्रमांकासमोर टिम बर्नर्स-ली यांचं नाव आणि ईमेल आहे; वेब त्यांनीच घडवलं. ४४३ समोर किप हिकमन हे नाव आहे, पुढे नेटस्केप नावाने गाजलेल्या कंपनीतला प्रोग्रॅमर. कुडव्यात उघडणारा प्रत्येक सुरक्षित सातबारा, जवळपास प्रत्येक यूपीआय व्यवहार, त्याने मागून घेतलेल्या आकड्याच्या दारातून जातो. २१ हा फाइल पाठवण्याच्या पद्धतीचा क्रमांक, आणि त्या पद्धतीचा पहिला मसुदा एप्रिल १९७१ मध्ये लिहिला तो आयआयटी कानपूरच्या पहिल्या तुकडीतून एमआयटीत गेलेल्या अभय भूषण यांनी. इंटरनेटच्या पायाच्या दगडांत एक भारतीय हात आहे, हे आपल्या शाळांमधून सांगायला हवं.

२१, २३, २५. जुने क्रमांक असे विषम का? अर्पानेटच्या मूळ पद्धतीत एक जोडणी एकाच दिशेने चाले. बोलायला एक क्रमांक आणि ऐकायला दुसरा, अशी सम-विषम जोडी लागायची. १ जानेवारी १९८३ ला अर्पानेट टीसीपीवर गेलं; टीसीपी एकाच जोडणीत दोन्ही दिशांनी बोलतं. जोडीतला दुसरा क्रमांक बिनकामाचा झाला आणि मधल्या जागा रिकाम्या राहिल्या. जुन्या वस्तीत दोन घरांच्या मधे बोळ राहावा तसे हे रिकामे आकडे.

त्या रिकाम्या जागांपैकी एकीची गोष्ट तर अफलातून आहे. १९९५ साली फिनलंडमध्ये टाटू युलोनेन नावाच्या संशोधकाने दूरच्या संगणकावर सुरक्षितपणे काम करण्याची एसएसएच ही पद्धत लिहिली. तिला जुन्या २१ आणि २३ या दोन्ही सेवांची जागा घ्यायची होती. मधला २२ मोकळा होता. त्याने जुलै महिन्यात ईमेल करून तो मागितला. जॉइस रेनॉल्ड्स यांचं उत्तर चोवीस तासांच्या आत आलं: २२ दिला. ना शुल्क, ना ओळख, ना शिफारस. आज जगातले बहुतेक सर्व्हर त्या दारातून चालवले जातात.

आता तितकं सोपं राहिलेलं नाही, आणि ते योग्यच आहे. पोर्ट क्रमांकाला सोळा बिट मिळतात, म्हणजे ० ते ६५,५३५ एवढेच आकडे, संपूर्ण जगाला. ऑगस्ट २०११ च्या आरएफसी ६३३५ ने त्यांचे तीन भाग पक्के केले. १०२३ पर्यंतचे क्रमांक सर्वांत मोलाचे. ते हवे असतील तर आयईटीएफ या इंजिनिअरांच्या खुल्या मंचाची संमती लागते. १०२४ ते ४९,१५१ हे अर्जावर मिळतात, पण तज्ज्ञ आधी प्रश्न विचारतात: तुमची सेवा असलेल्या क्रमांकावर का चालत नाही? स्वतंत्र आकडा खरंच हवा का? साधी आणि सुरक्षित अशा दोन आवृत्त्यांसाठी दोन क्रमांक मागू नका, असंही हे तज्ज्ञ सांगतात. आजच्या नियमांनी ८० असताना वेगळा ४४३ बहुधा मिळालाच नसता. ४९,१५२ पासून पुढचे आकडे कुणालाच दिले जात नाहीत. ते तात्पुरत्या वापराचे.

सातबाऱ्याची मागणी ४४३ कडे जाते, पण उतारा परत यायला कुडव्यातल्या फोनलाही स्वतःचा एक क्रमांक लागतो. तो फोन त्या क्षणापुरता उचलतो आणि काम झालं की सोडून देतो. अनेक मोबाइल ग्राहकांच्या वाट्याला तर जुन्या पद्धतीचा स्वतंत्र आयपी पत्ताही येत नाही. असे पत्ते सगळे मिळून सुमारे ४२९ कोटीच. पोस्टेलने सुरू केलेल्या क्रमांकवाटपाच्या कामाला पुढे आयाना म्हणू लागले; त्या आयानाच्या साठ्यातले शेवटचे गट्ठे ३ फेब्रुवारी २०११ ला वाटले गेले. म्हणून मोबाइल कंपनी शेकडो ग्राहकांना एकाच पत्त्यामागे उभं करते, आणि कुणाचं उत्तर कुणाचं हे वेगळं ठेवते ते याच तात्पुरत्या पोर्ट क्रमांकांच्या आधारावर. पत्त्यांची टंचाई पोर्टच्या आकड्यांनी भरून काढायची, हे पोस्टेलने ते टिपण लिहिलं तेव्हा कुणाच्या स्वप्नातही नव्हतं.

प्रोटोकॉल क्रमांकांचं गणित आणखी तंग. त्यांना फक्त आठ बिट, म्हणजे २५६ जागा. त्यातल्या सुमारे दीडशे दिल्या गेल्या आहेत. २५३ आणि २५४ प्रयोगांसाठी राखीव. शंभर जागा रिकाम्या असूनही त्या घ्यायला कुणी फारसं धजत नाही, कारण घराघरांतले राउटर आणि कार्यालयांतल्या फायरवॉल ६, १७ आणि १ यांपलीकडचं पॅकेट बघून गोंधळतात आणि बहुधा टाकून देतात. म्हणून क्विक ही नवी वेगवान पद्धत, जिचं प्रमाण टिपण मे २०२१ मध्ये आलं, तिने नवा क्रमांक मागितलाच नाही. ती जुन्या १७ च्या आत बसून प्रवास करते. यूट्यूबचा व्हिडिओ पाहताना फोन बहुतेकदा १७ आणि ४४३ ही जोडी लिहीत असतो. यादीत जागा मिळणं आणि जगाने ती ओळखणं, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

पोस्टेल १६ ऑक्टोबर १९९८ ला गेला. त्याच्या जागी एक संस्था उभी राहिली: आयानाचं काम आयकॅनकडे आलं, आणि १ ऑक्टोबर २०१६ पासून त्यावरची अमेरिकन सरकारची देखरेखही संपली. पत्त्यांचे गट्ठे विभागवार वाटले जातात. आपल्याकडे ते ब्रिस्बेनच्या एपनिककडून येत, आणि २०१२ पासून भारताची स्वतःची आयआरआयएनएन ही नोंदणी संस्था आहे. प्रोटोकॉल आणि पोर्ट क्रमांक मात्र कुठल्या देशाच्या वाट्याचे नसतात. ते साऱ्या जगाला एकच. १५ ऑगस्ट १९९५ ला विदेश संचार निगमने भारतातल्या सर्वसामान्यांसाठी इंटरनेट खुलं केलं, तेव्हा २५ किंवा ८० या आकड्यांबद्दल कुणाशी वाटाघाटी कराव्या लागल्या नाहीत. यादी तयार होती.

या यादीतला एक नियम मला सगळ्यांत थोर वाटतो. आयपी पत्त्यांचा आज बाजार भरतो. ते विकले आणि घेतले जातात. पोर्ट क्रमांक विकता येत नाही. दोन्ही बाजू राजी असल्या तरी एकाच्या नावावरचा क्रमांक दुसऱ्याच्या नावावर करता येत नाही, कारण तसं होऊ दिलं की त्याला किंमत चिकटेल, आणि सामायिक मालमत्तेची राखण तिथेच संपेल. नको असेल तर परत करा. पुढच्याने नव्याने अर्ज करावा. एका कंपनीच्या एका दिवसाच्या नफ्यापुढे सरकारं झुकतात अशा काळात हा नियम शांतपणे टिकून आहे.

अर्ज कुणालाही करता येतो. गोंदियाच्या एखाद्या तरुणीने भातगिरण्यांमधल्या यंत्रांना एकमेकांशी बोलायला लावणारी पद्धत लिहिली, तर तिलाही. पैसे लागत नाहीत. सेवेचं नाव रोमन लिपीत, जास्तीत जास्त पंधरा चिन्हांचं, त्यात निदान एक तरी अक्षर असावं, नुसते अंक चालत नाहीत. ती सेवा टीसीपीवर चालते की यूडीपीवर, सुरक्षेची काय सोय आहे, तात्पुरता क्रमांक का पुरत नाही, हे लिहायचं. तज्ज्ञ शंका विचारतात, उत्तरं द्यायची. मंजूर झालं की क्रमांक, नाव आणि तारीख यादीत चढते, आणि ती यादी जगात कुणीही फुकट उतरवून घेऊ शकतं. खरं तर तिची एक छोटी प्रत बहुतेक संगणकांत आधीपासूनच असते. लिनक्स, मॅक आणि विंडोज, तिन्हींत 'सर्व्हिसेस' नावाची एक साधी फाइल आहे. नोटपॅडमध्येही ती उघडते, आणि २१, २५, ५३, ८० हे सगळे तिथे ओळीने लिहिलेले आहेत.