ज्वालामुखीच्या छायेतील लोकवस्ती : मेरापीचे उदाहरण

सक्रिय ज्वालामुखीच्या पायथ्याशी माणसे का राहतात, असा प्रश्न दूरस्थ अभ्यासकास साहजिकच पडतो. भोळेपणा वा दैववाद एवढेच त्याचे उत्तर देऊन भागणार नाही. जावा बेटावरील मेरापीचे उदाहरण या दृष्टीने उद्बोधक होय.

सुमारे २९०० मीटर उंचीच्या या पर्वताच्या दक्षिणेस जेमतेम ३० किलोमीटरांवर योग्यकार्ता शहर वसले आहे. आपल्याकडील काळी मृदा प्राचीन बेसाल्टच्या दीर्घकालीन अपक्षयातून निर्माण झाली. मेरापीच्या उतारांवर मात्र राखेचे नवे थर जमिनीची सुपीकता वारंवार वाढवीत असतात. भाजीपाला, तंबाखू, दुभती जनावरे आणि नदीपात्रांतील वाळू यांवर तेथील कुटुंबांचा चरितार्थ चालतो. स्थलांतर करणे म्हणजे या साऱ्यावर पाणी सोडणे होय.

संकटाचे स्वरूपही समजून घ्यावयास हवे. येथील शिलारस दाट असल्याने तो दूरवर न वाहता शिखरावर घुमटाकार साचतो. हा घुमट ढासळला म्हणजे तप्त वायू, राख व खडक यांचा लोट प्रचंड वेगाने दऱ्यांतून खाली येतो. त्याच्यापुढे धावून जीव वाचविणे अशक्यप्राय असते. पुढे पावसाळ्यात हीच राख पंकप्रवाहाचे रूप घेते. १९३०च्या उद्रेकात तेराशेहून अधिक माणसे दगावली.

सुलतानाने नेमलेले पर्वताचे पारंपरिक रक्षक म्बाह मारिजान यांनी २००६ साली गाव सोडण्यास नकार दिला आणि ते वाचले. त्यामुळे त्यांच्या शब्दाचे वजन वाढले. २६ ऑक्टोबर २०१० रोजी मात्र तशाच लोटाने त्यांचा बळी घेतला. ५ नोव्हेंबरच्या अधिक तीव्र उद्रेकात लोट सुमारे १५ किलोमीटरांपर्यंत पोहोचला आणि धोक्याचे क्षेत्र २० किलोमीटरांपर्यंत वाढविण्यात आले. साडेतीनशेहून अधिक माणसे मृत्युमुखी पडली. तथापि वेळीच झालेल्या स्थलांतरामुळे दहा ते वीस हजार प्राण वाचले असावेत, असा शास्त्रज्ञांचा अंदाज आहे.

या घटनांवरून दोन गोष्टी स्पष्ट होतात. मागील उद्रेकातून सुखरूप राहणे हे पुढील सुरक्षिततेचे प्रमाण ठरू शकत नाही, ही पहिली. दुसरी अशी की, छावणीत नेलेला शेतकरी गोठ्यातील जनावरांना वैरण घालण्यासाठी दिवसा परत फिरतो. म्हणून इशाऱ्याच्या योजनेत भूकंपमापकाइतकेच गोठ्यालाही स्थान असावयास हवे.