नाद, अर्थ आणि अनुवाद: टॉल्किन यांच्या सृष्टीतील एक प्रश्न

मंत्राचा अर्थ सांगितला म्हणजे मंत्र उच्चारला असे होत नाही, ही जाणीव आपल्या परंपरेला नवी नाही. यास्काच्या निरुक्तात कौत्साचे मत येते की मंत्र अर्थहीन आहेत. कारण त्यांतील शब्द आणि शब्दांचा क्रम नियत आहे, तेथे पर्याय चालत नाही. यास्काने हे मत खोडून काढले. तथापि पर्याय का चालू नये, हा प्रश्न अनुवादकापुढे आजही उभा आहे. एका कल्पित सृष्टीच्या आधारे त्याचा विचार येथे करावयाचा आहे.

ऑक्सफर्डचे भाषाशास्त्रज्ञ जे. आर. आर. टॉल्किन (१८९२–१९७३) यांची ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ ही अद्भुतकथा १९५४-५५ मध्ये प्रसिद्ध झाली. आपण आधी भाषा रचल्या आणि त्यांना नांदण्यासाठी जग मागाहून निर्मिले, असे ते सांगत. त्यांच्या एल्फ लोकांच्या दोन भाषांपैकी क्वेन्यावर फिनिश भाषेचा, तर सिंदारिनवर वेल्श भाषेचा संस्कार आहे. यांच्या उलट टोकाला मॉरडॉरची ‘काळी भाषा’ आहे.

या काळ्या भाषेतील लेख मुद्रिकेवर कोरलेला आहे. फ्रोडोच्या घरी तो प्रकट होतो तेव्हा गॅन्डाल्फ मूळ शब्द उच्चारण्याचे टाळतो आणि लोकभाषेत केवळ आशय सांगतो. ऐकणारा भयभीत होतो; पण बाहेर ऊन तसेच राहते. पुढे रिव्हेन्डेलच्या सभेत तो तेच शब्द मूळ भाषेत उच्चारतो. त्याबरोबर सूर्यावरून छाया सरकल्यासारखे होते, सभा थरारते, एल्फ कान झाकून घेतात. लक्षात घेण्याजोगे हे की लेखाची लिपी एल्फांचीच आहे. लिपीने अपाय होत नाही, अनुवादाने होत नाही; होतो तो उच्चाराने. याची दुसरी बाजूही लेखकाने दाखविली आहे. शेलॉब या राक्षसी कोळिणीसमोर सॅमच्या मुखातून त्याला अवगत नसलेल्या भाषेत एल्बेरेथचा धावा निघतो, आणि त्याला बळ येते.

मग सामर्थ्य केवळ वर्णांतच आहे काय? १९५५ च्या एका व्याख्यानात टॉल्किन यांनी असे सुचविले की ‘तळघराचे दार’ या अर्थाचा इंग्रजी शब्द अर्थापासून वेगळा करून ऐकला तर अनेकांना सुंदर वाटतो. आनंदवर्धनाची भूमिका मला याहून सावध वाटते. श, ष, रेफयुक्त जोडाक्षरे आणि ढकार यांचे प्राचुर्य शृंगाराला मारक ठरते, असे ‘ध्वन्यालोका’त म्हटले आहे, पण तेच वर्ण बीभत्सादी रसांत आले तर त्या रसाला दीप्त करतात. म्हणजे वर्णाचा गुण स्वयंभू नाही. तो प्रसंगावर अवलंबून आहे.

मराठी अनुवादकाची खरी अडचण येथे सुरू होते. मोरियाच्या खाणीत ऑर्कांच्या बोलण्यातून ‘घाश’ हा शब्द कानी येतो. त्याचा अर्थ अग्नी. मूळ ध्वनी आपला महाप्राण घकार नव्हे. तो कंठात घासून निघणारा, उर्दूतील ‘ग़ैन’च्या जवळचा आहे. इंग्रज वाचकाला त्यात परकेपणा व कर्कशता जाणवते. मराठी कानाला मात्र घकार घराचा, घंटेचा, घनश्यामाचा आहे. ‘घाश’ ऐकताच त्याला आईच्या हातचा घास आठवेल! देवनागरीत अक्षर उतरले, पण भय उतरले नाही.

यावर एक सोपा उपाय सुचतो: एल्फांच्या स्तोत्राला संस्कृत द्यावे आणि काळ्या भाषेसाठी टकार-डकारांची नवी रचना करावी. मला तो मान्य नाही. संस्कृत शब्द मराठी वाचकाला अर्धेमुर्धे कळतात आणि आपली दैवते सोबत आणतात. मग सॅमचे न कळता बोलणे, जे त्या प्रसंगाचे मर्म आहे, नाहीसे होईल.

माझ्या मते मूळ नाद शक्य तितका तसाच ठेवावा, आणि अर्थ एखाद्या पात्राच्या मुखातून सांगावा. स्वतः टॉल्किन यांनी गॅन्डाल्फकरवी हेच केले आहे. राहिला प्रश्न ‘घाश’मधील भयाचा. ते त्या एका शब्दातून निघणार नाही. भोवतालच्या मराठी वाक्यांच्या बांधणीतून निर्माण करावे लागेल. त्या वाक्यांतील वर्णांची निवड करताना आनंदवर्धनाचे वचन अनुवादकाच्या उपयोगी पडेल.