खेळातील पात्रांचे कुलूप

आठवी-नववीच्या मुलांच्या गप्पा कान देऊन ऐकल्या, तर "माझे ते पात्र अजून लॉक आहे", "काल एकदाचे अनलॉक झाले" अशी वाक्ये हमखास कानी पडतात. हिंजवडी, माण, मारुंजी यांसारख्या भागात तर अनेक घरांत संगणक आणि वेगवान इंटरनेट आहे. शिक्षकांना हा विषय अभ्यासाबाहेरचा वाटतो. परंतु या कुलपामागे संगणकशास्त्र, गणित आणि मानसशास्त्र अशी तीन शास्त्रे एकत्र आलेली आहेत. ती उलगडून पाहिली, तर मुलांचे तास आणि पालकांचे पैसे कोठे जातात हे मुलांनाच मोजता येते. ते कसे, हे आपण पाहू.

पात्र म्हणजे काय?

'व्हॅलोरंट' हा २०२० साली आलेला खेळ उदाहरणादाखल घेऊ. यात पाच विरुद्ध पाच असे दोन गट इंटरनेटवरून एकमेकांशी नेमबाजीचा सामना खेळतात. प्रत्येक खेळाडू सुरुवातीला एक पात्र निवडतो. प्रत्येक पात्राला चार खास शक्ती असतात. सेज जखमी साथीदाराला बरे करते, सोवा बाण सोडून लपलेला शत्रू हुडकतो, ब्रिमस्टोन धुराचे पडदे उभे करतो. २०२२ साली यात हार्बर हे भारतीय पात्र आले. ते पाण्याच्या भिंती उभारते. नव्या खेळाडूला पाच पात्रे आरंभापासून मोकळी असतात. एकूण पात्रे पंचवीसहून अधिक आहेत. उरलेली हळूहळू 'उघडावी' लागतात.

असे खेळ केवळ परदेशातच तयार होतात, असे नाही. पुण्यातील सुपरगेमिंग या कंपनीने 'मास्कगन' हा गटाने खेळायचा नेमबाजीचा खेळ बनवला आणि ऑक्टोबर २०२४ मध्ये 'इंडस' हा खेळ आणला. त्यातील सर-ताज, मोर-नी, बिग गज ही नावेच त्याचे मूळ सांगतात.

कुलूप कोठे असते?

मुलांना एक प्रश्न विचारावा. तुम्ही न उघडलेले पात्र समोरच्या खेळाडूने निवडले, तर ते तुमच्या पडद्यावर दिसते का? मुले लगेच सांगतील, "दिसते." मग त्याचे चित्र, आवाज आणि हालचाली तुमच्या संगणकात कोठून आल्या? अर्थात त्या आधीपासूनच तेथे होत्या. खेळ उतरवून घेतला तेव्हाच सारी पात्रे घरी आलेली असतात.

मग कुलूप कोठे आहे? ते आहे कंपनीच्या सर्व्हरवर, म्हणजे दूर ठेवलेल्या मध्यवर्ती संगणकावर. तेथे प्रत्येक खेळाडूच्या नावापुढे एक तक्ता असतो. कोणते पात्र त्याला खुले आहे, कोणते नाही, एवढेच त्यात लिहिलेले असते. संगणकाच्या भाषेत ही एका 'बिट'ची गोष्ट आहे : शून्य किंवा एक. आपण पात्र निवडतो तेव्हा सर्व्हर तक्ता पाहतो आणि होकार किंवा नकार देतो. घरच्या संगणकात कितीही फेरफार केले, तरी दूरचा तक्ता बदलत नाही. म्हणून तो तेथे ठेवलेला असतो.

हिंजवडीच्या राजीव गांधी माहिती तंत्रज्ञान उद्यानात हजारो अभियंते बँका, विमा कंपन्या आणि दुकाने यांच्यासाठी अशाच नोंदी सांभाळणाऱ्या प्रणाली लिहितात. खात्यात शिल्लक आहे का, सभासदत्व चालू आहे का, हे तपासणारी पद्धत आणि पात्राचे कुलूप यांत तत्त्वाचा फरक नाही. त्या परिसरातील शाळांना हे समजावून देणारा एखादा पालक सहज मिळू शकेल.

शून्याचा एक करायला कंपनीला जवळजवळ काहीच खर्च येत नाही. मायक्रोसॉफ्टच्या 'गेम पास' योजनेच्या वर्गणीदारांना व्हॅलोरंटची सारी पात्रे एकदम खुली होतात, यावरूनही हे ध्यानात येते. तर मग इतरांना वाट पाहायला का लावतात?

जिना की जकात?

याची दोन उत्तरे आहेत आणि दोन्ही खरी आहेत. पहिले शिकवण्याच्या दृष्टीचे. पंचवीस पात्रांच्या प्रत्येकी चार म्हणजे शंभर शक्ती नवख्यापुढे एकदम ठेवल्या तर तो गोंधळून जाईल. पाच पात्रांच्या वीस शक्ती आधी शिकणे सोपे. आपणही पहिलीच्या मुलाला जोडाक्षरे पहिल्याच दिवशी देत नाही. येथे कुलूप म्हणजे जिन्याची पायरी होय.

दुसरे उत्तर व्यापाराचे. खेळ फुकट असतो. कमाई व्हायची ती खेळाडू टिकून राहिला तर आणि त्याने पैसे मोजले तर. 'तास घाला किंवा पैसे द्या' असा नाका उभा केला की दोन्ही साधते. येथे कुलूप म्हणजे जकात होय.

जिना कोठे संपतो आणि जकात कोठे सुरू होते, हे ओळखण्याचे साधन म्हणजे साधे अंकगणित. व्हॅलोरंटमध्ये जून २०२३ मध्ये आलेल्या पद्धतीत खेळून मिळवलेल्या ८००० 'क्रेडिट्स'ना एक पात्र उघडते. समजा, एक मुलगा रोज दीड तास खेळून ६०० क्रेडिट्स मिळवतो. ८००० भागिले ६०० म्हणजे १३.३, म्हणजे एका पात्राला सुमारे १४ दिवस. वीस पात्रांना १,६०,००० क्रेडिट्स, म्हणजे २६७ दिवस आणि सुमारे ४०० तास! वर्षभरातील गणिताच्या तासिकांची बेरीज करून मुलांनी ही संख्या तिच्याशेजारी मांडावी.

अशा भागाकाराने एकदा मोठी कंपनीही अडचणीत आली होती. नोव्हेंबर २०१७ मध्ये इलेक्ट्रॉनिक आर्ट्सचा 'स्टार वॉर्स बॅटलफ्रंट २' हा खेळ येत होता. त्यात डार्थ व्हेडर हे पात्र उघडायला ६०,००० क्रेडिट्स लागत. एका खेळाडूने हिशेब करून दाखवले, की त्यासाठी सुमारे ४० तास खेळावे लागेल. जगभरातून टीकेचा भडिमार झाला आणि कंपनीने ती किंमत १५,००० वर आणली. मात्र त्याचबरोबर खेळातील कथाभाग पूर्ण केल्याचे बक्षीस २०,००० वरून ५,००० केले. किंमत पाव झाली, तसे ते बक्षीसही पाव झाले. किंमत उतरली असे ऐकले, की आपली मिळकतही उतरली नाही ना, हे पाहावे. बाजारातही हाच नियम लागू पडतो.

'ओव्हरवॉच २' या खेळाने वेगळी वाट धरली. २०२२ साली त्यात नवी पात्रे मोबदल्याच्या जिन्यावर ठेवलेली होती. गटखेळात प्रतिस्पर्ध्याचे पात्र पाहून आपले बदलावे लागते. ज्याच्याकडे ते नाही, त्याच्यामुळे साऱ्या गटाचे नुकसान होते. एप्रिल २०२४ पासून तेथील सर्व पात्रे सर्वांना खुली झाली.

मन का गुंतते?

क्लार्क हल या मानसशास्त्रज्ञाने १९३०च्या दशकात दाखवले, की चक्रव्यूहातील उंदीर अन्नाजवळ येऊ लागला की अधिक वेगाने धावतो. अमेरिकेतील नून्स आणि ड्रेझ यांनी २००६ साली प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात मोटारी धुण्याच्या केंद्रावर ३०० कार्डे वाटली. निम्म्या कार्डांवर आठ शिक्के भरले की एक धुलाई मोफत होती. उरलेल्यांवर दहा शिक्के हवे होते, पण दोन आधीच मारलेले होते. दोघांनाही आठच धुलाया करायच्या होत्या. तरी पहिल्या गटातील १९ टक्के, तर दुसऱ्यातील ३४ टक्के लोकांनी कार्ड पूर्ण केले. 'सुरुवात झालेलीच आहे' ही भावना माणसाला ओढते. पडद्यावरची थोडी भरलेली पट्टी हेच काम करते.

पात्र नशिबाच्या पेटीतून निघणार असेल, तर गोष्ट आणखी बदलते. पुढची पेटी कदाचित तीच असेल, या आशेने हात थांबत नाही. बेल्जियमने एप्रिल २०१८ मध्ये अशा काही पेट्या जुगारात मोडतात, असा निर्णय दिला. भारतात २०२५ साली झालेल्या ऑनलाइन खेळांच्या कायद्याने पैसे लावून पैसे जिंकण्याच्या खेळांवर बंदी आणली. परंतु ठरलेल्या किमतीला पात्र विकत घेणे हा तसा डाव नव्हे. तेथे शहाणपण घर आणि शाळा यांनाच शिकवावे लागेल.

वर्गात करून पाहा

प्रत्येक जोडीला एक फासा द्यावा. सहा अंक म्हणजे सहा पात्रे. सर्व अंक एकदा तरी पडेपर्यंत फासा टाकावा आणि टाकण्यांची संख्या लिहावी. साऱ्या वर्गाची सरासरी १४.७ च्या आसपास येईल. कारण पहिल्या नव्या अंकाला १ टाकणे लागते. पुढच्यांना सरासरीने ६/५, ६/४, ६/३, ६/२ आणि शेवटच्याला ६. बेरीज १४.७. शेवटचे एकच पात्र जवळजवळ ४१ टक्के टाकणी खाऊन टाकते!

यानंतर मुलांनी आपापल्या खेळाला चार प्रश्न विचारावेत. नुसते खेळून पात्र उघडते का? त्याला किती तास लागतात? पात्राने शक्ती बदलते की केवळ पोशाख? किंमत ठरलेली आहे की नशिबावर? उत्तरे फळ्यावर तक्त्यात मांडावीत.

'खेळू नका' हे वाक्य मुलांनी पुष्कळदा ऐकलेले असते. त्याऐवजी त्यांच्या हाती भागाकार द्यावा, असे आम्हाला वाटते. ४०० तास देऊन वीस पात्रे उघडायची की नाही, हे मग त्यांनी ठरवावे. पण ठरवण्यापूर्वी ४०० हा आकडा त्यांनी स्वतः काढलेला असावा.