आईचा विनोद

आईविषयी बोलू लागले की आपल्या महाराष्ट्रात श्रोत्यांचे रुमाल बाहेर निघतात. साने गुरुजींनी १९३३ साली नाशिकच्या तुरुंगात ‘श्यामची आई’ लिहिली, तेव्हापासून आई आणि अश्रू यांची जणू जोडीच जमली. ज्या आचार्य अत्र्यांनी सभासभांतून महाराष्ट्राला पोट धरून हसविले, त्यांनीदेखील १९५३ साली त्याच पुस्तकावर चित्रपट काढून लोकांना रडविले आणि राष्ट्रपतींचे सुवर्णपदक मिळविले. त्या अश्रूंविषयी माझी तक्रार नाही. परंतु आपल्यापैकी प्रत्येकाने आपापली आई आठवून पाहावी. दिवसातून ती कितीदा रडत होती आणि कितीदा थट्टा करीत होती? माझी खात्री आहे की थट्टेचे पारडे जड निघेल. व्यासपीठावरून मात्र या थट्टेचा विचार सहसा होत नाही, म्हणून मी आज तोच विषय घेतला आहे.

मी विद्वान नव्हे. शाळा लवकर सुटली. पुढचे शिक्षण युनियनच्या कचेरीत आणि वस्तीतल्या मोफत वाचनालयात झाले. तेव्हा विनोदाची शास्त्रीय व्याख्या माझ्याकडून होणार नाही. कामगार एखादे हत्यार हातात घेतो तेव्हा “हे कशासाठी वापरतात?” असे विचारतो. तोच प्रश्न मी आईच्या विनोदाला विचारणार आहे.

पहिला उपयोग रक्षणाचा. जुन्या हजेरीपटांत दगडू, धोंडू, केरबा, भिकू ही नावे आपल्याला पदोपदी भेटतात. आज ती ऐकून पोरे हसतात. परंतु ज्या घरात आधीची मुले दगावली, त्या घरात नवे मूल जगावे म्हणून मुद्दाम असे हलके नाव ठेवीत. हा नुसता दगड आहे, केरातला जीव आहे, याला नेऊन तुला काय मिळणार, अशी ती मृत्यूला मारलेली थाप होती. गालावरची काजळाची तीट आणि लाडाने घातलेली “मेल्या” ही हाक याच जातीची. १९५१ च्या सुमारास आपल्या देशात जन्मलेल्या दर हजार मुलांपैकी सुमारे १४६ मुले पहिला वाढदिवस पाहत नव्हती, हे ध्यानात घेतले म्हणजे या थट्टेच्या तळाशी केवढे भय होते ते कळते.

दुसरा उपयोग शिस्तीचा. पोरगा दिवसभर उंडारून दिवेलागणीला घरी येतो, आणि आई म्हणते, “या जहागीरदार! पानं मांडू का पालखी पाठवू?” शब्द सन्मानाचे, अर्थ उलटा. मुलगा खजील होतो, पण अपमानित होत नाही. मुकादम चार माणसांत कामगाराला टाकून बोलतो तेव्हा चूक बाजूला राहते आणि मनात सल उरतो. आईचे उपरोधिक बोलणे चूक दाखविते आणि परतीची वाट मोकळी ठेवते, कारण त्याच वाक्याच्या शेवटी ताट वाढलेले असते.

तिसरा उपयोग मला सर्वांत मोठा वाटतो. तो म्हणजे टंचाई सांगण्याचा. आपल्या भाषेत बांगडी फुटली असे म्हणत नाहीत, ‘वाढली’ म्हणतात. नारळ फोडीत नाहीत, ‘वाढवतात’. निघताना ‘जातो’ न म्हणता ‘येतो’ म्हणतात. उणे बोलायचे नाही, ही भाषेची रीतच आहे. आई त्या रीतीत हसू मिसळते. १९८२ च्या जानेवारीत मुंबईत गिरण्यांचा संप सुरू झाला. सुमारे अडीच लाख कामगार बाहेर पडले, त्यांत माझे वडील होते. काही महिन्यांतच डबे रिकामे झाले. एके सकाळी धाकट्या भावाने कोऱ्या चहाला तोंड वेंगाडले, तेव्हा माझी साताऱ्याकडची आई म्हणाली, “साखर संपली न्हाई रं, संपावर गेलीया. मागण्या मान्य झाल्या की येती कामावर.” आम्ही हसलो. कोपऱ्यात बसलेले वडीलही हसले. त्या एका वाक्याने काय साधले पाहा. साखर नाही ही खरी बातमी मुलांना कळली, गरिबीची लाज निघून गेली, आणि घरात पगार न आणणाऱ्या माणसाची मान खाली जाण्याऐवजी वर झाली. पुढे मी पुष्कळ पुढाऱ्यांची भाषणे ऐकली. संपकऱ्याची अब्रू इतक्या थोडक्या शब्दांत राखलेली मला क्वचितच आढळली.

चौथा उपयोग गाऱ्हाण्याचा. पहाटे जात्यावर बसलेल्या बायकांना ऐकणारे कोणी नसे, म्हणून त्या मोकळेपणाने गात. साने गुरुजींनी अशा ओव्या गोळा केल्या. पुढे हेमा राईरकर आणि गी पॉटवँ यांनी खेडोपाडी हिंडून लाखाहून अधिक ओव्या जमविल्या. त्यांत लेकराचे कौतुक आहे तसेच सासरच्या जाचाचे गाऱ्हाणेही आहे. उघड बोलण्याची सोय नसलेल्या माणसाची तक्रार अशीच वळसा घेऊन, कधी सुरातून तर कधी थट्टेतून बाहेर येते.

येथे एक धोक्याची सूचना करणे मला अगत्याचे वाटते. “आमची आई सगळे हसत हसत करते” असे आपण कौतुकाने म्हणतो आणि ते ‘सगळे’ तिच्याच माथी ठेवून मोकळे होतो. २०१९ सालच्या राष्ट्रीय वेळ-वापर सर्वेक्षणात, घरकाम करणाऱ्यांपुरता हिशेब धरला तरी, बिनपगारी घरकामाला बायका दिवसाला सरासरी २९९ मिनिटे देत होत्या आणि पुरुष ९७ मिनिटे. म्हणजे एकीकडे पाच तास, दुसरीकडे जेमतेम दीड. आईचे हसू हा या तफावतीवरचा संमतीचा शिक्का आहे असे समजणे म्हणजे मजूर गात गात ओझे वाहतो म्हणून ओझे हलके आहे असे म्हणण्यासारखे आहे.

नारायण मेघाजी लोखंडे यांच्या खटपटीने मुंबईच्या गिरणी कामगारांना १८९० साली रविवारची सुट्टी मिळाली. ही हकीकत मी एकदा स्त्री कामगारांच्या बैठकीत सांगत होतो. मागच्या रांगेतल्या एक वयस्क बाई, चार लेकरांची आई, म्हणाल्या, “भाऊ, रविवार कॅलेंडरात छापत्यात, पर चुलीला कुठं वाचता येतंय?” बैठकीत हशा पिकला. मीही हसलो, आणि मग ते वाक्य वहीत मागण्यांच्या यादीखाली लिहून घेतले. श्रोतेहो, आपापल्या घरी अशी वाक्ये रोज बोलली जातात. त्यांना मनमुराद हसावे. ती हसण्यासाठीच असतात. मात्र हसून झाल्यावर, येत्या रविवारी चुलीजवळ कोण उभे राहणार, तेही घरात त्याच दिवशी ठरवावे.