एकदा तरी पिल्लं होऊ द्या की!

सोफ्यावर लाल ठिपके दिसतात आणि रविवारच्या सकाळची वाट लागते. दहा महिन्यांची लॅब तुमच्याकडे बघत शेपटी हलवतेय. घाबरून तुम्ही गावी आईला फोन लावता. गोठ्यात वाढलेली आई शांतपणे सांगते, “अगं, माजावर आलीय ती. दार लावून घे.”

दार लावायचं, हे बरोबर. पण किती दिवस? इथंच आपण फसतो. या रक्ताला आपण ‘पीरियड्स’ म्हणतो आणि ते थांबलं की सुटलो, असं समजतो. गणित नेमकं उलटं आहे. बाईला पाळी येते ती गर्भ राहिला नाही म्हणून. हिचं रक्त जातं ते शरीर गर्भाची तयारी करत असतं म्हणून. पहिले साधारण नऊ दिवस ती नराला जवळ फिरकू देत नाही. मग रक्त फिकं होतं, शेपटी एका बाजूला वळते आणि खरा धोक्याचा आठवडा सुरू होतो. ‘अपघात’ बहुतेक याच काळात, बिल्डिंगखालच्या पाच मिनिटांच्या चकरेत होतात. नराचं बीज तिच्या पोटात पाच-सात दिवस तग धरू शकतं, त्यामुळे एकाच वेतात दोन बापांची पिल्लं निघू शकतात! तेव्हा तीन-चार आठवडे पट्टा हातातच. आणि जोडी अडकलीच तर पाणी ओतू नका, ओढू नका. दोघांनाही इजा होते. अर्ध्या तासाच्या आत ती सहसा आपसूक सुटतात.

एवढ्यात लिफ्टमधले काका भेटतात. “एकदा तरी पिल्लं होऊ द्या, तब्येतीला चांगलं असतं.” या सल्ल्याला वैद्यकीय आधार नाही. पिल्लं राहोत न राहोत, माजानंतर जवळपास दोन महिने तिच्या अंगात प्रोजेस्टेरॉन असतंच. म्हणून काहीजणी रिकाम्या पोटी चेंडू कुशीत घेऊन बसतात, दूधही येतं. हे त्रासाचं असलं तरी बहुतेक वेळा आपोआप ओसरतं. भीती पायोमेट्राची. याच काळात गर्भाशयात पू होतो. कुत्र्यांना रजोनिवृत्ती नाही. माज साधारण सहा-सात महिन्यांनी येतच राहतो आणि वयाबरोबर हा धोका वाढतो. नसबंदीत गर्भाशय आणि अंडाशय काढले की तो जवळजवळ संपतो. ती कोणत्या वयात करायची, हे मात्र जातीनुसार डॉक्टरांशी बोलून ठरवा.

तरीही पिल्लं हवीच आहेत? मग आधी नितंबाच्या सांध्यांचा एक्स-रे काढा, कारण लॅबमध्ये हा दोष पिल्लांपर्यंत जातो. दिवस बोटांवर मोजण्यापेक्षा प्रोजेस्टेरॉनची रक्ततपासणी करा. बीज सुटल्यापासून सुमारे ६३ दिवसांनी सात-आठ पिल्लं तुमच्या टूबीएचकेत असतील, आणि रजा तुमची जाईल. २०१७च्या केंद्राच्या नियमांनुसार ब्रीडरला नोंदणी लागते. मादी किमान १८ महिन्यांची हवी, वर्षात एकच वेत, आयुष्यात फार तर पाच, आणि आठ आठवड्यांच्या आत पिल्लू विकायचं नाही. दहाव्या महिन्यात ‘क्रॉसिंग’साठी फोन फिरवणाऱ्यांनी हे वाचावं.

आज ठिपके दिसले ना? कॅलेंडरवर तारीख लिहा. पुढचे दोन-तीन महिने तिच्या पाण्याच्या भांड्यावर लक्ष ठेवा. भांडं सारखं रिकामं होतंय, ती जेवण सोडतेय, उलट्या करतेय, घाण वासाचा स्राव जातोय, तर सोमवारची मीटिंग सोडा आणि डॉक्टरकडे पळा. स्राव नसला तरी पळा. तोंड बंद असलेल्या गर्भाशयातला पू बाहेर दिसतच नाही.