गाडी आणि कायदा : लेखांक ७ – पासिंग झालं, म्हणून बदल मान्य झाला का?

गेल्या आठवड्यात आपण आरसी बुकातल्या एकेका रकान्याचा अर्थ पाहिला. त्या नोंदी आणि दारात उभी असलेली गाडी यांचा मेळ बसेनासा झाला की काय होतं, ते आज पाहू.

पुण्याजवळच्या एका गॅरेजात पासिंगला न्यायचा टेम्पो उभा होता. मेकॅनिकने डिझेलच्या फडक्याने चेसीवरचा चिखल पुसला, कोरलेल्या नंबरावर कागद धरला आणि पेन्सिल घासत एकेक आकडा उमटवला. नंबर बरोबर होता. पण मागच्या पाट्यांत एक जादा पाटा चढवलेला होता आणि फाळके दीड फुटाने उंच केलेले होते. मालक म्हणाला, "साहेब, तीन वर्षं गाडी अशीच पास होतेय. आता कशी अडवतील?"

बहुतेक वाद इथेच सुरू होतात, कारण कायदा दोन वेगवेगळे प्रश्न विचारतो. मोटार वाहन कायदा, १९८८ च्या कलम ५६ चा प्रश्न असा, की गाडी आज रस्त्यावर चालवण्याजोगी आहे का? व्यावसायिक वाहनाकडे हे योग्यता प्रमाणपत्र नसेल, तर त्याची नोंदणीसुद्धा वैध धरली जात नाही. कलम ५२ चा प्रश्न वेगळा आहे. उत्पादकाने ठरवून दिलेला गाडीचा मूळ तपशील बदलला आहे का? पहिल्या परीक्षेत पास झालेली गाडी दुसरीत आपोआप पास होत नाही. तपासणीत एखादा बदल नजरेतून सुटला, म्हणून तो कायदेशीर ठरत नाही.

केरळमधून आलेल्या अशाच वादात सर्वोच्च न्यायालयाने ९ जानेवारी २०१९ रोजी निकाल दिला. राज्याच्या नियमांचा आधार घेऊन उच्च न्यायालयाने वाहनमालकाच्या बाजूने कौल दिला होता. सर्वोच्च न्यायालयाने तो फिरवला. राज्याचे नियम कलम ५२ च्या पुढे जाऊ शकत नाहीत आणि गाडीचं मूळ स्वरूप बदलणारा ढाच्यातला फेरफार चालणार नाही, असं न्यायालयाने स्पष्ट केलं. रंग बदलणं किंवा किरकोळ वस्तू बसवणं यावर मात्र हरकत घेतली नाही. मान्यताप्राप्त सीएनजी किंवा एलपीजी किट बसवायलाही कायद्यात वाट आहे, पण त्याची नोंद आरसीवर झालीच पाहिजे.

हा कडकपणा मला योग्य वाटतो. जादा पाट्याने गाडी जास्त माल पेलते, पण ब्रेक, एक्सल आणि टायर जुन्याच वजनाच्या हिशेबाचे राहतात. उंच फाळक्यांमुळे माल वर चढतो आणि घाटातल्या वळणावर गाडी कलंडण्याचा धोका वाढतो. त्याची किंमत समोरून येणारा दुचाकीस्वारही मोजतो. २०१९ च्या दुरुस्तीनंतर मालकाने केलेल्या अशा प्रत्येक बेकायदा बदलाला ५,००० रुपये दंड, सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन्ही होऊ शकतात.

मात्र अधिकाऱ्यालाही मनमानी करता येत नाही. प्रमाणपत्र नाकारलं, तर कारणं लेखी द्यावी लागतात. दिलेलं प्रमाणपत्र रद्द करतानाही कारणं नोंदवावी लागतात आणि त्यामागे तांत्रिक पात्रता असलेल्या अधिकाऱ्याचा निर्णय किंवा अहवाल असावा लागतो. कलम ५७ नुसार अशा आदेशाविरुद्ध ३० दिवसांत अपील करता येतं. म्हणून तोंडी नकार ऐकून परत फिरू नका. लेखी आदेश मागा आणि तो हाती पडल्याची तारीख लिहून ठेवा.

आणि गाडीत बदल करायचाच असेल, तर आधी परिवहन कार्यालयात अर्ज करा. मंजुरीचा कागद हातात आल्यावरच गॅरेजवाल्याला गॅस कटर पेटवू द्या.